गिऱ्हाइकांच्या नजरेखाली राबणारा मासा

हेकरू हा पक्का शिकारी मासा. समोरून जाणारा लहान मासा एका झटक्यात गिळायचा, हेच त्याचे जगणे. पण प्रवाळ खडकाच्या एका ठरावीक कोपऱ्याशी आला की तोच हेकरू स्तब्ध उभा राहतो, जबडा सताड उघडतो, कल्ल्यांची झाकणे फाकवतो आणि बोटाएवढा एक मासा त्याच्या तोंडात शिरतो. दातांच्या फटी, गालफडे, कल्ले असे सगळे धुंडाळून तो सुखरूप बाहेर येतो.

हा क्लीनर रॅस. इतर माशांच्या अंगावरचे परजीवी खाऊन त्यांची सफाई करणारा; सफाईसाठी येणारे मासे ही त्याची गिऱ्हाइके. शास्त्रीय नाव लॅब्रॉइडिस डिमिडिएटस. लांबी फार तर १४ सेंटीमीटर, अंग निळसर, आणि तोंडापासून शेपटीकडे रुंद होत जाणारा काळा पट्टा. तांबड्या समुद्रापासून पॅसिफिकमधल्या बेटांपर्यंतच्या प्रवाळ खडकांवर तो राहतो. इतक्या लहान माशाने लपून राहावे, तर हा उलट भडक रंग मिरवत, वरखाली हेलकावत पोहतो. त्या रंगावरून आणि पोहण्यावरूनच गिऱ्हाइके त्याला ओळखतात.

गिऱ्हाइकांना छळणारे मुख्य परजीवी म्हणजे नॅथिइड. खेकडे-कोळंबीच्या दूरच्या नात्यातले, काही मिलिमीटर लांबीचे हे जीव पिल्लूदशेत माशांच्या अंगाला चिकटून रक्त पितात. ऑस्ट्रेलियाच्या ग्रेट बॅरिअर रीफवरील लिझर्ड बेटाजवळ संशोधक अलेक्झांड्रा ग्रटर यांनी १९९६ साली याचा हिशेब मांडला. एक क्लीनर रॅस दिवसाला सरासरी २,२९७ वेळा गिऱ्हाईक तपासतो आणि १,२१८ परजीवी खातो! गिऱ्हाईक स्वच्छ, सफाईवाल्याचे पोट भरलेले. इथवर सगळे सरळ वाटते.

खरी गुंतागुंत पुढे आहे. माशांच्या अंगावर बुळबुळीत श्लेष्माचा थर असतो. तो त्यांचे रक्षण करतो आणि तयार करायला त्यांना बरीच ऊर्जा लागते. क्लीनर रॅसला परजीवींपेक्षा हा श्लेष्मा जास्त आवडतो, हे २००३ मध्ये ग्रटर आणि रेडुआन ब्शारी यांनी प्रयोगातून दाखवले. म्हणजे प्रामाणिकपणे काम करायचे तर या माशाला क्षणोक्षणी आवडता घास सोडून नावडता खावा लागतो. मला या माशाचे सर्वांत मोठे नवल वाटते ते इथे.

मोह झाला की तो श्लेष्माचा लचका तोडतोच. गिऱ्हाईक दचकते, अंगाला हिसका बसतो. त्या हिसक्यांवरूनच संशोधक फसवणुकीची मोजदाद करतात. पुढे काय होणार, हे गिऱ्हाईक कोण त्यावर ठरते. त्याच परिसरात राहणारा मासा क्लीनरच्या अंगावर धावून जातो. दूरवर फिरणारा मासा भांडत बसत नाही. तो निघून जातो आणि पुढच्या वेळी दुसरीकडे जातो. जवळ वाट पाहणारे मासेही सगळे बघत असतात. २००६ मध्ये ब्शारी आणि ग्रटर यांनी दाखवले की, गिऱ्हाइके प्रामाणिक वागताना दिसलेल्या क्लीनरजवळ जास्त वेळ घालवतात आणि आपल्याकडे कोणी पाहत असेल तेव्हा क्लीनरही जास्त सचोटीने वागतो. माशासारख्या प्राण्यात ‘पत’ अशी काही गोष्ट असू शकते, हे तोवर फारसे कुणाच्या ध्यानीमनी नव्हते.

नाराज गिऱ्हाइकाची समजूत काढायची रीतही क्लीनरकडे आहे. गिऱ्हाइकाच्या पाठीवर स्वार झाल्यासारखे पोहत तो आपल्या परांनी त्याचे अंग चोळतो. या स्पर्शाने खरोखरच फरक पडतो. २०११ मधल्या एका प्रयोगात, हलणाऱ्या नकली क्लीनरचा स्पर्श मिळालेल्या सर्जनफिशच्या शरीरात तणावाशी निगडित कॉर्टिसॉल कमी आढळले. तिथे सफाई झालीच नव्हती, होता तो फक्त स्पर्श.

क्लीनर बहुधा कळपाने राहतात: एक नर आणि त्याच्या काही माद्या. नर-मादी जोडीने एखादे गिऱ्हाईक साफ करत असताना मादीने लचका तोडला तर गिऱ्हाईक जाते आणि नराचाही घास जातो. मग नर तिचा पाठलाग करतो आणि त्यानंतर ती जरा जपून वागते, असे २०१० च्या एका अभ्यासात दिसले. नर मेला तर सर्वांत वरचढ मादी काही तासांतच नरासारखी वागू लागते आणि साधारण दोन-तीन आठवड्यांत तिच्या शरीरात शुक्राणूही तयार होतात.

या विश्वासाचा फायदा उठवणारा एक तोतयाही खडकावर असतो. अ‍ॅस्पिडॉन्टस टीनिएटस हा मासा रंगाने, पट्ट्याने हुबेहूब क्लीनरसारखा दिसतो आणि कधी कधी बेसावध माशांच्या परांचे तुकडे तोडून पळतो.

एवढ्याशा माशावाचून खडकाचे किती अडते? लिझर्ड बेटाजवळच्या काही छोट्या खडकांवरून संशोधकांनी साडेआठ वर्षे क्लीनर रॅस सातत्याने काढून टाकले. क्लीनर असलेल्या खडकांच्या तुलनेत तिथले रहिवासी मासे ३७ टक्क्यांनी आणि त्यांच्या जाती २३ टक्क्यांनी कमी भरल्या. एका जातीच्या डॅमसेलफिशचा आकारही लहान राहिला होता. मत्स्यालयांसाठी हाच रंगीत मासा खडकांवरून पकडून नेला जातो, तेव्हा मागे उरलेल्या माशांचे काय होते, याचा अंदाज या आकड्यांवरून करता येतो.