लिंबाची पानं मुंग्या खात नाहीत
बडोद्यात परसातल्या लिंबावर मुंग्यांची रांग दिसली की बुंध्याशी हळद नाहीतर पावडर पडते; मुंग्या पानं खातात, हा पक्का समज. तो चुकीचा आहे. कोवळं पान उलटून बघा: मावा ही बारीक कीड किंवा कापसासारखा पांढरा पिठ्या ढेकूण रस शोषत चिकटलेला सापडेल. त्यांच्या गोड, चिकट स्रावासाठी मुंग्या वर चढतात आणि मावा फस्त करणाऱ्या ढालकिड्यांना (लेडीबर्ड) हुसकावून लावतात. पानांवरची काळी बुरशीही त्याच स्रावावर वाढते. लिटरभर पाण्यात ५ मिली कडुनिंबाचं तेल आणि थोडा साबण घालून संध्याकाळी पानांच्या खालच्या बाजूने फवारा. भिंतीला टेकलेल्या फांद्या आधी छाटा, मुंग्या तिथूनही येतात. कुरतडलेली पानं बहुधा फुलपाखराच्या अळीचं काम. लहानपणी ती पक्ष्याच्या विष्ठेसारखी दिसते, हाताने वेचा.