हाँगकाँगचा पहिला गव्हर्नर आणि त्याची अहमदनगरची कलेक्टरी

१८१८ साली पेशवाई बुडाली आणि अलपिष्टन साहेबाने, म्हणजे माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टनने, जिंकलेला मुलूख आपल्या हाताखालच्या माणसांत वाटून दिला. पुण्याला रॉबर्टसन, खानदेशात ब्रिग्ज, दक्षिणेकडे धारवाडच्या बाजूला चॅप्लिन, साताऱ्यात छत्रपतींच्या शेजारी ग्रँट आणि अहमदनगरला हेन्री पॉटिंजर. यातला ग्रँट पुढे ग्रँट डफ झाला आणि मराठ्यांचा इतिहास लिहून आपल्या कायमचा ओळखीचा (आणि भांडणाचा) झाला. ब्रिग्जला अभ्यासक विसरले नाहीत. पॉटिंजर मात्र आपल्याकडच्या इतिहासातून एका ओळीत येतो आणि नाहीसा होतो.

तो नाहीसा होऊन गेला कुठे, तर चीनला. २९ ऑगस्ट १८४२ रोजी नानजिंगच्या तहावर ब्रिटनच्या राणीतर्फे सही केली ती याच माणसाने, आणि त्या तहात मिळालेल्या हाँगकाँग बेटाचा पहिला गव्हर्नरही तोच. नगरची जमाबंदी पाहणारा साहेब चीनच्या बादशहाशी तह कसा काय करतो, हे नीट कळायचे तर कंपनी सरकारच्या नोकरीचा एक खाक्या समजून घ्यावा लागतो.

पॉटिंजर मूळचा आयर्लंडचा, बेलफास्टजवळचा. जन्म १७८९ चा. घराणे जुने, पण मुलगे बरेच आणि हा पाचवा. अशा घरातल्या धाकट्या मुलाला तेव्हा एक तर धर्मखाते, नाही तर समुद्र, नाही तर हिंदुस्थान. ओळखीपाळखीने त्याला १८०६ मध्ये कंपनीच्या मुंबई फौजेत कॅडेटची जागा मिळाली. पलटणीतल्या तरुण अधिकाऱ्याचा पगार बेताचा आणि बढती सेवाज्येष्ठतेने, म्हणजे वरचा कोणी मरेपर्यंत थांबायचे. यातून सुटायची वाट एकच होती. इथल्या भाषा शिकायच्या आणि ‘पोलिटिकल’ खात्यात शिरायचे. तिथे भत्ते मोठे, मान मोठा, आणि बावीस-पंचवीस वर्षांच्या पोराला एखाद्या राजाच्या दरबारात सरकारचा वकील म्हणून बसता येई. माल्कम याच वाटेने इराणच्या शहाकडे पोचला आणि शेवटी मुंबईचा गव्हर्नर झाला. पॉटिंजरने मुंबईत भाषांचा अभ्यास मन लावून केला, तो निव्वळ विद्येच्या आवडीने केला असे मला तरी वाटत नाही.

फळ लवकर मिळाले. १८०७ मध्ये नेपोलियन आणि रशियाचा झार यांच्यात टिल्झिटला समेट झाला आणि फ्रेंच फौज इराणमार्गे खुष्कीने हिंदुस्थानवर येईल, या धास्तीने कलकत्ता आणि मुंबई दोन्ही सरकारांची झोप उडाली. पण मधला बलुचिस्तानचा मुलूख कसा आहे, पाणी कुठे, वाट कुठली, हे कोणालाच धड माहीत नव्हते. माल्कमने दोन तरुण अधिकारी निवडले, चार्ल्स क्रिस्टी आणि पॉटिंजर. २ जानेवारी १८१० रोजी दोघे मुंबईहून निघाले. डोके भादरलेले, अंगावर देशी कपडे, आणि सोंग घोड्यांच्या सौदागरांच्या गुमास्त्यांचे. मुंबई सरकारला घोडे पुरवणारे कच्छचे सुंदरजी यांचे नाव त्या सोंगामागे होते. त्यांच्या आडती त्या भागात असल्यामुळे ते पटण्यासारखे होते.

नुश्कीला दोघे वेगळे झाले. क्रिस्टी उत्तरेला हेरातकडे गेला, पॉटिंजर पश्चिमेला वाळवंटातून. वय वीस. पुढे सौदागराचे सोंग पुरेना, तेव्हा त्याने पीरजाद्याचे, म्हणजे पीराच्या घराण्यातल्या माणसाचे, घेतले. यात धोका असा की पीरजादा म्हटला की लोक धर्माचे प्रश्न विचारणार. एका गावात दहा-बारा वर्षांच्या पोराने त्याच्याकडे निरखून पाहिले आणि सगळ्यांदेखत म्हटले, हा पीरजादा आहे म्हणतो म्हणून, नाही तर गेल्या साली बाम्पुरला आलेल्या ग्रँट नावाच्या फिरंग्याचा हा भाऊच म्हटला असता. (हा ग्रँट वेगळा, आपला साताऱ्याचा नव्हे.) वेळ निभावली. केरमान, शिराझ करत जूनअखेर तो इस्फहानला पोचला. तिथे क्रिस्टीही आला, आणि अंधारात इराणी कपड्यांतल्या त्या दोघांनी काही वेळ एकमेकांना ओळखलेच नाही. पॉटिंजरची वाटचाल अडीच हजार किलोमीटरच्या आसपास भरते. क्रिस्टी दोन वर्षांनी इराणी फौजेबरोबर रशियनांशी लढताना मारला गेला. पॉटिंजरने प्रवासवर्णन छापले आणि नाव कमावले.

नाव झालेला माणूस एल्फिन्स्टनच्या नजरेत भरला. शेवटच्या इंग्रज-मराठा युद्धात पॉटिंजर पुण्याला त्याच्या हाताखाली होता, आणि युद्ध संपताच नगर. तेव्हाचा नगर जिल्हा आजच्यापेक्षा फार मोठा, नाशिकसुद्धा त्यातच. या नव्या कलेक्टरांना हुकूम असा होता की जुनी घडी शक्यतो मोडायची नाही. पाटील-कुलकर्णी राहतील, वतने राहतील, तंटे पंचायतीने तुटतील. दुसऱ्या बाजीरावाच्या काळातली मक्तेदारी मात्र बंद. त्या मक्त्यात मामलत लिलावाने जाई आणि घेणारा रयतेकडून ती व्याजासकट पिळून काढी. आता वसूल प्रत्यक्ष लागवडीवर. १८१९ चा एल्फिन्स्टनचा पेशव्यांच्या मुलखाविषयीचा प्रसिद्ध अहवाल या कलेक्टरांनी पाठवलेल्या माहितीवर उभा आहे. गावची व्यवस्था, हक्क-बाब, देशमुखांचे अधिकार हे सगळे तीस वर्षांचा हा आयरिश माणूस नगरला बसून कारकुनांना विचारून घेत होता. त्याच्या पुढच्या आयुष्यात पराभूत दरबाराशी वागताना मोडतोड कमी आणि कागद पक्का असा जो कल दिसतो, तो इथे तयार झाला असे मी मानतो. एल्फिन्स्टनपेक्षा चांगला गुरू त्याला त्या काळात मिळाला नसता.

१८२५ मध्ये तो भुजला कच्छचा रेसिडेंट, म्हणजे तिथल्या दरबारातला कंपनीचा वकील, झाला. पुढची सुमारे पंधरा वर्षे कच्छ आणि सिंध यांतच गेली, आणि मुत्सद्दी म्हणून तो घडला तो इथे, चांगल्या आणि वाईट दोन्ही अर्थांनी. १८३२ मध्ये हैदराबाद-सिंधच्या मीरांशी, म्हणजे तिथल्या सत्ताधीशांशी, त्याने तह केला आणि सिंधू नदी व्यापाराला खुली झाली. मीरांना इंग्रजांचा संशय पुरेपूर होता. म्हणून तहात कलमे घातली गेली की नदीतून लढाऊ जहाजे आणि युद्धसाहित्य जाणार नाही, आणि दोन्ही सरकारे एकमेकांच्या मुलखाकडे कधी लोभाच्या नजरेने पाहणार नाहीत. सहा वर्षांनी अफगाणिस्तानवर स्वारी निघाली, फौजेला सिंधमधून वाट हवी झाली, आणि युद्धसाहित्याचे कलम तूर्त बाजूला ठेवले आहे हे मीरांच्या कानावर घालायची पाळी तह करणाऱ्यावरच आली. १८४३ मध्ये इंग्रज सेनापती नेपियरने सिंध गिळलाच. तेव्हा हाँगकाँगमध्ये असलेल्या पॉटिंजरने पुढे त्यावर अतिशय कडक शब्दांत टीका केली. मीरांशी केलेले वर्तन हा इंग्रजांच्या इमानाला लागलेला डाग आहे, असा त्याचा सूर होता. टीका खरी होती, पण वाट त्याने स्वतः दाखवली होती.

प्रकृती बिघडल्यामुळे १८४० मध्ये तो विलायतेला परतला. बॅरोनेट हा वंशपरंपरेचा किताब मिळालेला, पन्नाशीचा, आता स्वस्थ बसणार असे वाटत असताना परराष्ट्रमंत्री पामर्स्टनने त्याला बोलावले.

चीनशी युद्ध सुरू झाले होते आणि त्याच्या मुळाशी अफू होती. ही अफू हिंदुस्थानातली, बंगालची आणि माळव्याची, आणि माळव्याची मुंबई बंदरातून जाई. १८३९ मध्ये कॅन्टनला आयुक्त लिन झेशू याने वीस हजारांवर पेट्या जप्त करून नष्ट केल्या, तेव्हा मुंबईतल्या बड्या बड्या पेढ्यांचा पैसा त्यात अडकला. आपल्या शहराची कितीतरी दानधर्माची दगडी कामे या व्यापारावर उभी आहेत, हे आता बरेच जण मोकळेपणाने लिहितात. ब्रिटिश प्रतिनिधी चार्ल्स एलियटने १८४१ च्या जानेवारीत बोलणी करून हाँगकाँग पदरात पाडून घेतले, पण पामर्स्टन भडकला. धड एक घरही नसलेले उजाड बेट घेऊन काय करायचे, असा त्याचा सवाल. एलियटला काढले, पॉटिंजरला पाठवले.

ऑगस्ट १८४१ मध्ये मकावला उतरल्यावर पॉटिंजरने कॅन्टनच्या अधिकाऱ्यांशी बोलत बसायचे टाळले. दुय्यम माणसांशी बोलायचे नाही, ज्याच्याकडे पूर्ण अखत्यार आहे त्याच्याशीच बोलायचे, ही रेसिडेंटाची सवय. आरमार उत्तरेकडे निघाले. अमॉय, दिंगहाई, निंगपो, दुसऱ्या वर्षी शांघाय आणि जुलैत झेनजियांग. झेनजियांगला यांगत्सी नदी आणि मोठा कालवा एकमेकांना छेदतात आणि त्या कालव्याने दक्षिणेचे धान्य पेकिंगला जाई. रसद तोडणे म्हणजे काय, ते मराठी वाचकाला वेगळे सांगायला नको. शहर पडले तेव्हा तिथल्या मांचू शिबंदीतल्या कित्येकांनी बायकामुलांना मारून स्वतःला संपवले. हल्ला करणाऱ्यांत मद्रासच्या पलटणीही होत्या. यानंतर नानजिंगसमोर आरमार उभे राहिले आणि बादशहाचे वकील बोलणी करायला आले.

सही झाली ‘कॉर्नवॉलिस’ या युद्धनौकेवर. ७४ तोफांचे हे जहाज १८१३ मध्ये मुंबईच्या गोदीत वाडिया सुतारांनी सागवानात बांधलेले. बादशहाच्या तीन प्रतिनिधींपैकी म्हातारा यिलिबू इतका आजारी होता की जहाजावर त्याला आधाराने आणावे लागले. कलमे थोडक्यात अशी की पाच बंदरे खुली, दोन कोटी दहा लाख रौप्य डॉलर दंड (त्यातले साठ लाख नष्ट केलेल्या अफूपोटी) आणि हाँगकाँग बेट कायमचे ब्रिटनला. पुढची अफू विकायची की नाही, यावर तहात अवाक्षर नाही.

हाँगकाँगची गोष्ट इथे जरा रंगते. दरम्यान लंडनमध्ये मंत्रिमंडळ बदलले होते आणि नवे परराष्ट्रमंत्री ॲबरडीन त्या बेटासाठी हटून बसा असे सांगत नव्हते. पॉटिंजरने ते घेतलेच. मिळालेल्या हुकमाच्या पलीकडे आपण जाणूनबुजून गेलो ते या एकाच बाबतीत, असे त्याने नंतर कबूल केले. बेटावर रस्ते, गोदामे, वस्ती उभी राहत होती ती त्याने पाहिली होती. फेब्रुवारी १८४२ मध्ये, तह व्हायच्या आधीच, ते खुले बंदर असल्याचे जाहीर करून त्याने व्यापार खात्याचे ठाणे मकावहून तिथे हलवले होते. वस्तुस्थिती आधी तयार करायची आणि कागद मागून करायचा, हे कच्छ-सिंधमध्ये काम केलेल्याला नवे नव्हते.

२६ जून १८४३ रोजी तहाच्या मंजुरीपत्रांची देवघेव हाँगकाँगला झाली आणि त्याच दिवशी त्याने गव्हर्नरपदाची शपथ घेतली. चिनी प्रतिनिधी छीयिंग त्यासाठी मुद्दाम आला होता. फौजेने जमले नाही ते स्नेहाने जमवावे, हे त्याचे धोरण. त्याने बायकोच्या तसबिरींची अदलाबदल केली, पॉटिंजरच्या मोठ्या मुलाला दत्तक मागितले, आणि पत्रात ‘जिवलग’ या अर्थाचा इंग्रजी शब्द चिनी अक्षरांत ‘यिन-ती-मी-ते’ असा लिहून त्याला संबोधले. दत्तक प्रकरण अर्थात पुढे गेले नाही. तो मुलगा, फ्रेडरिक, नंतर जुगारात पैसा घालवून ऑस्ट्रेलियात पोलीस अधिकारी झाला. तिथे दरोडेखोरांच्या मागे लागून फजीत झाला आणि १८६५ मध्ये स्वतःच्याच पिस्तुलाची गोळी चुकून लागून मेला.

गव्हर्नर म्हणून बापाचे वर्षही पुरे भरले नाही. कायदेमंडळ आणि कार्यकारी मंडळ स्थापन झाले, शहराला व्हिक्टोरिया नाव मिळाले, त्या उन्हाळ्यात तापाने माणसे पटापट मेली, आणि जमिनीच्या पट्ट्यांवरून इंग्रज व्यापारी त्याच्यावर नाराज झाले. त्याच साली हेरातच्या वेढ्यात नाव कमावलेला त्याचा पुतण्या एल्ड्रेड काकाला भेटायला आला आणि तिथेच वारला. मे १८४४ मध्ये पॉटिंजरने सूत्रे डेव्हिसकडे दिली.

पुढचे दोन हुद्दे वाढते आणि काम उतरते. १८४७ मध्ये दक्षिण आफ्रिकेत केप वसाहतीचा गव्हर्नर, जेमतेम दहा महिने, तेही खोसा लोकांशी युद्ध चालू असताना. तिथल्या इतिहासकाराने त्याच्या खासगी वागण्याविषयी फार कडवट लिहून ठेवले आहे. मग १८४८ ते १८५४ मद्रासचा गव्हर्नर. एव्हाना माणूस थकला होता, कारभार सुस्त म्हणून गाजला. तो गेल्याबरोबर मद्रास इलाख्यात सारा वसुलीसाठी रयतेचा छळ होतो का, याच्या चौकशीला आयोग नेमावा लागला, आणि होतो असे त्या आयोगाने १८५५ मध्ये लिहिले. ही पद्धत जुनीच होती, एकट्याच्या माथी मारता येणार नाही. पण मक्त्याने पिळलेली नगरची गावे डोळ्यांनी पाहिलेला कलेक्टर सहा वर्षे मद्रासच्या गादीवर होता, हे नजरेआड करणेही मला जमत नाही. तह करण्यात त्याचा हात धरणारे थोडे होते, रोजचा कारभार मात्र नगर सोडल्यापासून त्याला कुठे मानवला नाही.

१८ मार्च १८५६ रोजी तो माल्टात वारला. ‘कॉर्नवॉलिस’ त्याच्यानंतर बरीच वर्षे टिकली. १८६५ पासून इंग्लंडच्या शीअरनेस बंदरात तिचा धक्का म्हणून वापर झाला, आणि मुंबईचे ते सागवान अखेर १९५७ मध्ये मोडीत निघाले.