पटवर्धन विचारतात, वाइजमन जोडतात
फिल्म सोसायटीच्या पत्रकात, आणि हल्ली विद्यार्थ्यांच्या प्रबंधातही, तेच वाक्य सापडतं: ‘स्वतंत्र दिग्दर्शकाची निरीक्षणात्मक शैली’, म्हणजे मध्ये न पडता नुसतं टिपणारी. खाली नाव माहितीपटकार आनंद पटवर्धनांचं. हात जोडते, हे थांबवा.

पटवर्धन आपल्याला ठाऊक आहेत. ‘जय भीम कॉम्रेड’ला (2011) लागलेली 14 वर्षं, मुंबईच्या रमाबाई नगरमधला पोलिसांचा गोळीबार, शाहीर विलास घोगरे, सेन्सॉरशी आणि दूरदर्शनशी कोर्टकज्जे, उगाळत बसत नाही. लक्षात एवढंच ठेवा की कॅमेऱ्यामागून त्यांचा आवाज येतो. ‘राम के नाम’मधले (1992) अयोध्येचे पुजारी लालदास बोलतात ते कुणीतरी समोर बसून विचारलं म्हणून. हा उघड हस्तक्षेप आहे आणि मला तो मनापासून आवडतो. त्याला निरीक्षण म्हणू नका, इतकंच.

निरीक्षण बघायचं तर अमेरिकन माहितीपटकार फ्रेडरिक वाइजमन. बॉस्टनमध्ये कायदा शिकवत. विद्यार्थ्यांना ब्रिजवॉटरला, गुन्हेगार ठरलेल्या मनोरुग्णांना डांबायच्या जागी, घेऊन जात. तिथेच त्यांनी पहिला माहितीपट केला, ‘टिटिकट फॉलीज’ (1967). मुलाखती नाहीत, निवेदन नाही, वरून चढवलेलं संगीत नाही. माइक स्वतःच्या हातात, कॅमेरा दुसऱ्याकडे. पुढे पन्नासहून जास्त वर्षं शाळा, इस्पितळ, ग्रंथालय, नगरपालिका अशी एकेक संस्था धरून हेच. कृष्णधवल की रंगीत, दीड तास की सहा तास, हे फरक सोडून द्या.

खरी फसगत पुढे आहे. लोक म्हणतात, प्रश्न विचारत नाही म्हणजे तटस्थ, जणू सीसीटीव्हीच. साफ चूक! वाइजमन यांचं चित्रीकरण काही आठवड्यांत आटपे, संकलन वर्षभर चाले. शंभराहून जास्त तासांच्या फुटेजमधलं बहुतेक टाकून द्यायचं आणि उरलेलं कशाला काय जोडायचं ते ठरवायचं. मत तिथे बसतं. ‘टिटिकट’मध्ये उपाशी राहणाऱ्या कैद्याच्या नाकात नळी घालून अन्न ओततात, डॉक्टरच्या तोंडातल्या सिगारेटची राख नरसाळ्यावर लोंबत असते. मधूनमधून त्याच माणसाच्या प्रेताची दाढी होताना दिसते, हळुवारपणे. जिवंत असताना एवढी निगा कुणी राखली नव्हती. हे कुणी बोलत नाही. दोन तुकडे शेजारी ठेवलेत. मॅसॅच्युसेट्स राज्याने कैद्यांच्या खासगीपणाचं कारण देत कोर्ट गाठलं. सर्वसामान्य प्रेक्षकांना दाखवायला मोकळीक मिळाली थेट 1991 मध्ये. तटस्थ फुटेजमागे कुणी एवढं लागतं?

अजूनही पटत नसेल तर ‘हायस्कूल’चा (1968) शेवट बघा. मुख्याध्यापिका व्हिएतनामच्या युद्धावर गेलेल्या माजी विद्यार्थ्याचं पत्र अभिमानाने वाचून दाखवते. त्यात तो स्वतःला नेमून दिलेलं काम करणारं एक शरीर म्हणवतो. ती खरोखर भारावलेली आहे. शाळेतला सगळा दिवस पाहून झाल्यावर वाइजमन यांनी तिला तेवढं वाचू दिलं आणि चित्रपट संपवला.