चौकटीत मावलेली गोष्ट

माळी रबरी नळीने बागेला पाणी घालतोय. मागून एक पोरगा येतो आणि नळीवर पाय देतो. पाणी थांबतं. माळी नळीच्या तोंडात डोकावतो, पोरगा पाय उचलतो आणि फवारा माळ्याच्या चेहऱ्यावर. माळी पळणाऱ्या पोराला पकडतो खरा, पण कॅमेरा जागचा हलत नाही. म्हणून त्याला ओढत समोर आणतो आणि मगच चोप देतो.

सिनेमाच्या सुरुवातीच्या काळातल्या फ्रान्सच्या ल्युमिएर बंधूंचा हा चित्रपट १८९५चा, जेमतेम पाऊण मिनिटाचा. त्या वर्षी २८ डिसेंबरला पॅरिसच्या ग्रँड कॅफेत दाखवलेल्या दहा चित्रपटांत तो होता. खोडी, फजिती, शिक्षा हे सगळं एकाही शब्दाविना कळतं, कारण काय कुठे घडलं की दिसेल याचा विचार त्यात आहे. फ्रेंच मूकपटांच्या कथनाचं मूळ मला या विचारात दिसतं.

जॉर्ज मेलिएस मूळचे जादूगार. त्यांच्यासाठी कॅमेऱ्याची चौकट म्हणजे रंगमंच. त्यांच्या १९०२च्या चंद्रसफरीच्या चित्रपटात यान चंद्राच्या डोळ्यात घुसतं. लगेच पुढच्या दृश्यात तेच यान चंद्राच्या जमिनीवर पुन्हा उतरतं. आज ही चूक वाटते. मला ती तशी वाटत नाही. तेव्हा प्रत्येक दृश्य स्वतःत पूर्ण असे, आणि एका दृश्यातला काळ दुसऱ्यात कसा न्यायचा याचा संकेत अजून रुळायचा होता.

दिग्दर्शक फर्दिनां झेका यांनी १९०१च्या एका चित्रपटात झोपलेल्या कैद्याचं स्वप्न दाखवलं, तेही कोठडीच्या नेपथ्यातच. त्याच्या डोक्यावर, भिंतीत दुसरा छोटा रंगमंच उभारला आणि तिथे नटांनी त्याचा भूतकाळ साकारला. आज ज्याला आपण फ्लॅशबॅक म्हणतो, तो इथे सुताराने बांधलेला आहे!

दिग्दर्शिका ॲलिस गी यांनी १९०६मध्ये गोमाँ या चित्रपट कंपनीसाठी ख्रिस्ताचं चरित्र २५ दृश्यांत मांडलं. गोष्ट प्रेक्षकांना पाठ होती, त्यामुळे दृश्यांमधले दुवे तेच जोडून घेत. ख्रिस्तचरित्रावरचाच एक चित्रपट मुंबईत पाहताना दादासाहेब फाळक्यांच्या डोळ्यांपुढे राम-कृष्ण उभे राहिले, आणि १९१३च्या पहिल्या चित्रपटासाठी त्यांनीही घराघरात ठाऊक असलेला हरिश्चंद्रच निवडला.

त्याच १९१३मध्ये दिग्दर्शक लुई फ्योयाद पॅरिसमध्ये गुन्हेगारी चित्रपटांची मालिका करत होते. अमेरिकेत तोवर दृश्याचे तुकडे पाडून ते एकापुढे एक जोडण्याची पद्धत जोर धरत होती. फ्योयाद मात्र अनेकदा कॅमेरा एकाच जागी ठेवत आणि नटांना हलवत. पुढचा माणूस पाऊलभर बाजूला सरतो, आणि नेमकी त्याच क्षणी आपली नजर मागच्या दारावर जाते.