उंची एका जनुकावर ठरत नाही

‘उंचीचे जनुक प्रभावी आणि बुटकेपणाचे अप्रभावी’ (म्हणजे दोन्ही एकत्र आली तर बुटकेपणा झाकला जाऊन उंचीच दिसते) हा समज आनुवंशिकतेचे नियम शोधणारे ग्रेगोर मेंडेल यांच्या वाटाण्यावरील प्रयोगांवरून थेट माणसावर लादला गेला आहे. त्यांच्या १८६६ च्या निबंधातील ७८७ उंच आणि २७७ बुटकी झाडे, म्हणजे सुमारे तीनास एक हे प्रमाण, खरेच. परंतु त्या वाटाण्यात मधल्या उंचीचा प्रश्नच नव्हता, माणसांत मात्र बहुसंख्य लोक मधल्याच उंचीचे असतात. सुमारे ५४ लाख लोकांच्या माहितीवर आधारलेल्या २०२२ मधील अभ्यासात उंचीशी निगडित १२,००० हून अधिक जनुकीय फरक आढळले. त्यांतील बहुतेकांचा वाटा नगण्य असतो आणि ते एकमेकांना झाकत नाहीत, तर त्यांची बेरीज होते. म्हणूनच ठेंगण्या आईवडिलांचे मूल त्यांच्याहून उंच निघू शकते. गंमत अशी की, एकाच जनुकाने उंची ठरल्याचे ठळक उदाहरण शोधले तर अकॉन्ड्रोप्लेझिया हा हाडांची वाढ खुंटवणारा जनुकीय विकार सापडतो, आणि तेथे प्रभावी असते ते खुजेपणाचेच रूप.