छायालेखक-निर्माता

स्वतंत्र चित्रपटात कॅमेरा सांभाळून निर्मितीचा आर्थिक भारही उचलणारा तंत्रज्ञ. मोठ्या निर्मितीत छायालेखक दिवे मागतो आणि निर्माता हात आखडता घेतो. इथे दोन्ही बाजू एकाच माणसाला सांभाळाव्या लागतात. म्हणून प्रकाशाची जाण हीच त्याची खरी पुंजी.

फिल्मच्या काळात ही वाट जवळजवळ बंद होती. 35 मिमी फिल्मचे हजार फुटी रीळ सुमारे 11 मिनिटांत संपे. कच्ची फिल्म, प्रयोगशाळा, प्रिंट असा खर्च वाढत जाई. 2008 नंतर व्हिडिओ टिपणारे डीएसएलआर कॅमेरे हाती आले आणि चित्र पालटले. आसाममध्ये रीमा दास यांनी ‘व्हिलेज रॉकस्टार्स’ (2017) दिग्दर्शन, छायालेखन, संकलन आणि निर्मिती स्वतःच करून पूर्ण केला. त्याला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

अशा कामाला सातारा जिल्हा फार मानवतो. महाबळेश्वरचा धो धो पाऊस आणि माण-खटावचे कोरडे माळ एकाच जिल्ह्यात असल्याने मुक्काम फारसा न हलवता दोन वेगळे प्रदेश दाखवता येतात. वाई आणि मेणवलीचे घाट ‘स्वदेस’सारख्या (2004) मोठ्या चित्रपटांनी देशभर पोहोचवले. पण छोट्या युनिटला तिथे काम करणे सोपे नाही. काळा पाषाण उजेड पिऊन टाकतो आणि भर दुपारी डोक्यावरच्या उन्हात डोळ्यांच्या खोबणी काळ्या पडतात. जनरेटर परवडत नसेल तर दुपारी तालीम उरकायची, सकाळी आणि चारनंतर शॉट घ्यायचे, पायऱ्यांवर पाणी मारून दगडाला चकाकी आणायची आणि पांढऱ्या थर्माकोलवरून चेहऱ्यावर उजेड टाकायचा. वाड्याच्या माजघरात खिडकीला सुती कापड लावले की ऊन मऊ होते. पुष्कळदा एवढ्यावर प्रसंग उत्तम उभा राहतो. गळीत हंगामात मात्र शेड्यूल सांभाळून लावावे लागते: उसाच्या ट्रॉल्यांचा आवाज थेट ध्वनिमुद्रणात घुसतो.

या क्षेत्रात येणारे बहुतेक जण कॅमेरा सहायक म्हणून सुरुवात करतात. काही पुण्याच्या फिल्म संस्थेतून येतात. जाहिराती, मालिका आणि लग्नाचे चित्रीकरण यांवर घर चालते. स्वतःच्या चित्रपटात ते मानधन सोडून हिस्सा घेतात आणि आपला कॅमेराही भांडवल म्हणून लावतात. हा हिस्सा लेखी ठरलेला असायलाच हवा. चित्रपट रखडला की तोंडी शब्दावरून चांगली मैत्री तुटते, आणि तोटा सर्वाधिक त्यालाच होतो, कारण त्याचे श्रमही अडकलेले असतात.

राज्य शासनाचे अनुदान चित्रपट पूर्ण होऊन सेन्सॉर प्रमाणपत्र मिळाल्यावर, परीक्षणानंतर दर्जानुसार मिळते. त्यामुळे चित्रीकरणाच्या दिवसांत त्याचा उपयोग नसतो. गोव्यात 2007 पासून भरणाऱ्या फिल्म बाजारात अपूर्ण चित्रपट दाखवून सहनिर्माता किंवा वितरक शोधता येतो. तोवर संकलन आणि रंगसंस्कार (चित्राचे रंग जुळवणे) यांचा खर्च छायालेखक-निर्मात्यालाच रेटावा लागतो आणि मूळ फुटेजच्या किमान दोन प्रती वेगवेगळ्या जागी ठेवण्याची जबाबदारीही त्याचीच असते.