बिऱ्हाडबदल (लाइफ सिम्युलेशन गेममधील)

बिऱ्हाडबदल : लाइफ सिम्युलेशन गेममध्ये, म्हणजे पात्रांचे रोजचे जगणे चालवण्याच्या संगणकीय खेळात, पात्रांचे कुटुंब एका घरातून उठवून दुसऱ्या घरात, वस्तीत किंवा गावात वसवण्याची क्रिया. ‘द सिम्स’ या मालिकेत ती सर्वांत तपशिलाने आढळते, म्हणून या नोंदीत मुख्यतः तिचाच, त्यातही ‘द सिम्स ४’चा विचार केला आहे. मराठवाड्यातल्या वाचकाला हा विषय परका वाटणार नाही. धरणासाठी, भूकंपानंतर, उसाच्या तोडीसाठी, मुलांच्या शिकवणीसाठी बिऱ्हाड हलवणे इथल्या घराघराने पाहिलेले आहे. पडद्यावरचे बिऱ्हाड हलवताना नेमके काय सोबत येते आणि काय मागे राहते, हे त्या अनुभवाजवळ ठेवून पाहिले की लवकर कळते.

मुळातली गोष्ट अशी, की या खेळात कुटुंब आणि वास्तू या दोन वेगळ्या नोंदी असतात. कुटुंबाकडे माणसे, पैसा, नातीगोती, नोकऱ्या आणि अंगातली कौशल्ये असतात. वास्तूकडे जमीन, भिंती, छप्पर आणि जागेवर मांडलेले सामान असते. बिऱ्हाड हलते तेव्हा पहिली नोंद दुसरीपासून सुटते आणि वेगळ्या वास्तूला जोडली जाते. नवख्या खेळाडूंची बहुतेक नुकसाने हा फरक ध्यानात न आल्याने होतात.

मालिकेचे जनक विल राइट यांचे घर १९९१च्या ऑक्टोबरमध्ये कॅलिफोर्नियातील ओकलंडच्या आगीत जळाले. घर, सामान आणि रोजचे जगणे नव्याने उभे करताना माणसाला खरोखर काय काय लागते, याचा जो विचार त्यांना करावा लागला, त्यातून या खेळाची कल्पना आकाराला आली. मॅक्सिस या कंपनीने तयार केलेला आणि इलेक्ट्रॉनिक आर्ट्सने प्रकाशित केलेला पहिला ‘द सिम्स’ ४ फेब्रुवारी २००० रोजी आला. म्हणजे नवे घर मांडणे ही या खेळाची एक सोय नाही, तो त्याचा गाभाच आहे. पहिल्या खेळात कुटुंबाला २०,००० सिमोलिऑन (खेळातले चलन) मिळत आणि घर सोडले की त्याची किंमत खात्यात जमा होई. २००४च्या दुसऱ्या भागात पिढ्या आल्या. मोठ्या झालेल्या मुलांनी स्वतःचे घर शोधावे अशी सोय झाली. २००९च्या तिसऱ्या भागात सगळे गाव एकसंध, मोकळे झाले, पण एक मोठी उणीव होती. कुटुंब दुसऱ्या गावी नेले की घरच्या माणसांपलीकडची नाती पुसली जात. वर्षानुवर्षांचा मित्र, शेजारी, मागच्या गावात राहिलेली बहीण, कुणाचीच ओळख उरत नसे. खेळाडूंनी यावर नाराजी व्यक्त केली, ती रास्तच होती. २०१४च्या चौथ्या भागात सगळ्या वसाहती एकाच सेव्हमध्ये, म्हणजे जतन केलेल्या एकाच डावात, नांदतात, त्यामुळे गाव बदलले तरी नाती टिकतात आणि नोकरीही सुटत नाही.

‘द सिम्स ४’मध्ये बिऱ्हाड दोन वाटांनी हलवता येते. पात्राच्या मोबाइलवरून, किंवा सगळ्या जगांच्या नकाशावर जाऊन कुटुंबावर क्लिक करून. मग रिकामा प्लॉट किंवा तयार घर निवडायचे. तयार घर सामानासकट घ्यायचे की नुसत्या भिंती घ्यायच्या, हा प्रश्न इथे येतो. नुसत्या भिंतींचे घर बरेच स्वस्त पडते आणि हाती पैसा कमी असताना तेच घ्यावे. जुन्या घराची किंमत हिशेबात धरली जाते. मात्र वापरलेल्या फर्निचरचा भाव दिवसागणिक उतरलेला असतो, त्यामुळे घातले तेवढे परत मिळत नाही. एका माणसाच्या नव्या कुटुंबाला सुरुवातीला २०,००० आणि पुढच्या प्रत्येक माणसामागे २,००० सिमोलिऑन मिळतात. एवढ्यात दोन खोल्या, एक न्हाणी आणि चूल निघते, फार काही नाही. ज्यांना पैशाची चिंता नको असते ते संगणकावर कंट्रोल, शिफ्ट आणि सी एकत्र दाबून ‘मदरलोड’ लिहितात, की ५०,००० सिमोलिऑन जमा होतात. नकाशावर असताना ‘फ्रीरिअलइस्टेट ऑन’ लिहिले तर घरच फुकट मिळते. तरी पहिले एखादे घर कमाईतून घ्यावे. पैसे जमवताना जी घालमेल होते, तीच नव्या घराला किंमत देते.

सामानाचा नियम साधा पण कठोर आहे. पात्राच्या स्वतःच्या पिशवीत किंवा कुटुंबाच्या साठ्यात ठेवलेली वस्तू सोबत येते. जागेवर राहिलेली वस्तू वास्तूच्या नोंदीत असते आणि वास्तूबरोबर जाते. म्हणून निघण्याआधी बिल्ड मोडमध्ये, म्हणजे घर बांधण्या-मांडण्याच्या पडद्यावर, जाऊन जिव्हाळ्याच्या वस्तू उचलून साठ्यात टाकाव्यात: मुलीने काढलेले चित्र, बक्षिसाची ढाल, घरच्यांचे फोटो. सगळ्यांत महत्त्वाचा अस्थिकलश. या खेळात मेलेल्या पात्राचा कलश किंवा थडगे मागे राहते आणि त्याचे भूत त्याच्याच आसपास वावरते. कलश जुन्या घरी विसरला तर आजोबाही तिथेच राहतात. नव्या मालकाच्या अंगणात रात्री ते फिरताना दिसणे खेळाडूला फार लागते. कलश सोबत नेला तर ते नव्या घरी येतात, नातवंडांशी बोलतात.

घर स्वतःच सोबत न्यायचे असेल, तर त्याचीही वाट आहे. वास्तूचा नकाशा खेळातल्या लायब्ररीत जतन करायचा आणि नव्या गावी तेवढ्याच किंवा मोठ्या प्लॉटवर पुन्हा मांडायचा. सर्वांत लहान प्लॉट २० बाय १५ चौकटींचा आणि सर्वांत मोठा ६४ बाय ६४ चौकटींचा असतो. ३० बाय २०वर बांधलेले घर त्याहून लहान प्लॉटवर बसत नाही. पैसे पुन्हा मोजावे लागतात, पण खोल्या, खिडक्या, रंग सगळे जसेच्या तसे उभे राहते. घर किमती असेल तर दर आठवड्याचे बिलही मोठे येते. ते थकले की आधी वीज आणि मग पाणी तोडले जाते. ऐपतीबाहेरचे घर घेणाऱ्याला हे आठवड्या-दोन आठवड्यांत कळते.

वाटणी : एका कुटुंबात आठच माणसे राहू शकतात. मराठवाड्यातले एकत्र कुटुंब, म्हणजे आजी-आजोबा, दोन-तीन भाऊ, सुना आणि पोरे, या मर्यादेत मावत नाही. अशा वेळी कुटुंबाचे दोन भाग करतात. दोन रकाने समोरासमोर येतात आणि माणसे एकातून दुसऱ्यात नेता येतात. पुढे मन झाले तर दोन्ही कुटुंबे पुन्हा एकही करता येतात. लहान मुलांचे वेगळे बिऱ्हाड होत नाही, सोबत मोठे माणूस लागते. वेगळे निघालेल्या भावाशी नाते कायम राहते, फोनही होतात, पण एका वेळी एकाच कुटुंबाची सूत्रे खेळाडूच्या हाती असतात. डिसेंबर २०२३मध्ये आलेल्या ‘फॉर रेंट’ या विस्तारामुळे (मूळ खेळाला जोडायच्या वेगळ्या भागामुळे) यावर चांगला उपाय निघाला. त्यात एका प्लॉटवर सहापर्यंत स्वतंत्र बिऱ्हाडे राहू शकतात आणि अंगण सामायिक ठेवता येते. वाडा उभा करायला याहून योग्य साधन या मालिकेत आधी नव्हते. मधे चौक, चौकात तुळशीवृंदावन, चारी बाजूंनी ओसरी आणि एकेका सोप्यात एकेक भाऊ. त्याआधी २०१६च्या ‘सिटी लिव्हिंग’ विस्ताराने सदनिका आणल्या होत्या. त्यात इमारत विकत न घेता भाडे भरायचे असते आणि बाहेरच्या भिंतींना हात लावता येत नाही. संभाजीनगर किंवा लातूरमध्ये खोली करून राहिलेल्याला हे वेगळे सांगायला नको.

मराठवाड्याचा संदर्भ : या भागातले जुने घर म्हणजे माळवद. दगडमातीच्या जाड भिंती, वर लाकडी तुळया आणि त्यावर मातीचे जड, सपाट छत. उन्हाळ्यात आत गारवा राहतो, रात्री वर झोपता येते. खेळातल्या भिंती पातळ असतात, त्यामुळे जाडी दाखवायला एक चौकट सोडून दोन समांतर भिंती घालतात आणि मधली जागा बंद करतात. सपाट छत मात्र फरशी आणि कठड्याने सहज होते. धान्याचे पेव तळघर खोदून करता येते.

याच जड छतांनी आणि दगडी भिंतींनी ३० सप्टेंबर १९९३च्या पहाटे लातूर व तेव्हाच्या उस्मानाबाद जिल्ह्यांत हजारो माणसांचे प्राण घेतले. अनंत चतुर्दशीची रात्र सरत होती. किल्लारीसह सर्वाधिक हानी झालेली ५२ गावे नव्या जागी वसवली गेली. नव्या घरांचे आकार जमिनीच्या मालकीप्रमाणे २५०, ४०० आणि ७५० चौरस फूट असे ठरले. रुंद रस्ते, सरळ रेषेतले प्लॉट, हवा येणारी घरे मिळाली. पण जुन्या गावातली दाटी, भिंतीला भिंत लागून असलेला शेजार आणि वाड्याचा आडोसा गेला. लोकांनी पुढे आपल्या हाताने भिंती घातल्या, पडवी काढली, घर आपल्या सवयीचे केले.

ओकलंडची आग आणि किल्लारीचा भूकंप यांत दोन वर्षांचेही अंतर नाही. खेळात प्लॉट बदलला तरी नात्यांचे आकडे तेवढेच राहतात. पुनर्वसित गावात मात्र शेजार कुठे पडला यावर रोजचे बोलणे अवलंबून असते. नव्या बिऱ्हाडाला भेटायला शेजारी केक घेऊन येतात, एवढी सोय खेळात आहे आणि ती सुखद आहे. दूध उतू घालणे किंवा वास्तुशांत मात्र खेळाडूने स्वतः मनाने करायची. खेळ मराठीत नाही, हिंदीतही नाही. पात्रे सिमलिश नावाची बनावट भाषा बोलतात, त्यामुळे घरात काय बोलले जाते हे खेळणाऱ्याने ठरवावे.

इतर खेळांत बिऱ्हाडबदलाचे रूप सुटसुटीत आहे. २०२०च्या ‘ॲनिमल क्रॉसिंग : न्यू होरायझन्स’मध्ये माणूस बेट सोडत नाही, घरच उचलून दुसऱ्या जागी जाते, त्याला ३०,००० बेल्स (त्या खेळातले चलन) लागतात आणि आतले सामान जागचे हलत नाही.

हंगामी स्थलांतर : बीड आणि आसपासच्या जिल्ह्यांतून ऊसतोड कामगार दसरा-दिवाळीनंतर कोयता घेऊन कारखान्यांच्या भागात जातात आणि उन्हाळ्याच्या तोंडावर परततात. तिकडे कोपी (तात्पुरती झोपडी), इकडे गावचे घर, अशी दोन ठिकाणी एकाच वेळी नांदणारी संसाराची घडी ‘द सिम्स ४’ला थेट दाखवता येत नाही, कारण एका कुटुंबाला एकच घर असते. सुट्टीचे भाड्याचे घर मिळते, पण तेही सातच दिवस. तरी वाटणीच्या सोयीने हे जमते. कर्ती जोडी वेगळे कुटुंब करून लहान प्लॉटवर न्यायची, आजी-आजोबा आणि नातवंडे गावच्या घरी ठेवायची. घरात माणूस असल्याने वास्तू विकली जात नाही आणि सामानही जागेवर राहते. सेटिंगमध्ये न खेळवल्या जाणाऱ्या कुटुंबांचे वय वाढणे बंद करून ठेवावे, नाहीतर कर्ती जोडी परतेपर्यंत नातवंडे मोठी झालेली असतात. हंगाम सरला की दोन्ही रकाने पुन्हा उघडून जोडीला जुन्या घरात आणायचे.